बडतर्फीचा तिसरा आदेश

चावीवाल्याला नोकरीतून काढल्याचा पहिला आदेश टिपणीताईंनी अर्ध्या तासात तयार केला, आणि त्या अर्ध्या तासानं त्यांची पुढची चार वर्षं खाल्ली.

ताई पाणीपुरवठा खात्याच्या आस्थापना शाखेत हेडक्लार्क होत्या. कुणाची नेमणूक, कुणाची बढती, कुणाची रजा, कुणावर चौकशी, सगळं त्यांच्या तीन लोखंडी कपाटांत. कुठलीही फाईल मोठ्या साहेबांकडे जाण्याआधी तिच्यावर ताईंच्या बारीक अक्षरातली टिपणी असायचीच, म्हणून माघारी सगळे त्यांना टिपणीताई म्हणत. ताईंना ते माहीत होतं. त्यांना त्या नावाचा थोडा अभिमानच होता.

चावीवाला म्हणजे टेकडीवरच्या टाकीचे व्हॉल्व्ह फिरवणारा माणूस. उंच, हडकुळा, मोजकं बोलणारा. सव्वीस वर्षं त्यानं तीच टाकी भरली होती आणि तीच सोडली होती. एका संध्याकाळी त्याची दाढ अशी ठणकायला लागली की डोळ्यांपुढे काजवे चमकले. दातांचा दवाखाना सात वाजता बंद होणार, आणि त्याची पाळीही सातलाच संपणार. त्यानं पुढच्या पाळीच्या जोडीदाराला फोन केला, “लवकर येतोस का?” जोडीदार म्हणाला, “निघालोच.” सहा वीसला चावीवाला टेकडी उतरला. जोडीदार उगवला सात दहाला. मधल्या वेळात टाकी भरली, भरून वाहू लागली, आणि पाण्याचा लोंढा रस्त्यावरून थेट खालच्या चौकात गेला.

तेवढंच असतं तर एका मेमोवर भागलं असतं. पण त्या चौकात खात्यानंच आठ दिवसांपूर्वी फलक लावला होता, ‘थेंब थेंब वाचवा’. फलकावर मोठ्या साहेबांचा हसरा फोटो होता. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात साहेब हसताहेत आणि त्यांच्या हनुवटीखालून पाणी धो धो वाहतंय, असं चित्र पहिल्या पानावर आलं.

साहेबांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. चौकशी बसली. जोडीदाराला ताकीद मिळाली, कारण त्याच्या सायकलची ट्यूब फुटली होती आणि तो रडला होता. चावीवाला रडला नाही. चौकशी अहवालात ‘दोष सिद्ध’ असं आलं, आणि साहेबांनी ताईंना सांगितलं, “बडतर्फ. आजच्या आज.”

ताईंनी जुन्या फायलीतला एका मीटर वाचणाऱ्याच्या बडतर्फीचा आदेश काढला, नाव बदललं, तारीख बदलली, हुद्दा बदलला. पावणेसहाला सही झाली. सहाला ताई घरी.

दहा महिन्यांनी कोर्टात खात्याच्या वकिलानं तो आदेश वाचायला घेतला, आणि तिसऱ्या परिच्छेदाला त्याची जीभ अडखळली. तिथं लिहिलं होतं, ‘सदर कर्मचारी गोदामात झोपलेला आढळला.’

“टेकडीवर गोदाम आहे?” न्यायाधीशबाईंनी विचारलं.

“नाही, महोदया.”

“मग हा झोपला कुठं?”

मागच्या बाकावर बसलेल्या ताईंना वाटलं, पायाखालची फरशी उघडावी आणि आपण आत जावं. त्यांच्या सबंध नोकरीत त्यांच्या हातून अशी चूक झाली नव्हती. वर चौकशी अहवालाची प्रतही चावीवाल्याला दिलीच नव्हती. कोर्टानं आदेश रद्द केला आणि सांगितलं, अहवाल द्या, त्याचं म्हणणं ऐका, आणि शिक्षा काय द्यायची ते डोकं वापरून, कारणं देऊन पुन्हा ठरवा.

“म्हणजे जिंकला का तो?” घरी नवऱ्यानं विचारलं. ताईंचे यजमान शाळेत चित्रकला शिकवत आणि सरळ प्रश्न विचारायची त्यांना खोड होती.

“जिंकला नाही. हरलाही नाही. परत आला.”

“नोकरीवर?”

“फाईलवर!” ताई खेकसल्या, आणि मग त्यांनाच वाईट वाटलं.

अहवाल दिला गेला. चावीवाल्यानं कार्यालयातल्या बाकावर बसून तो शब्द न् शब्द वाचला, बोट फिरवत. त्याच्या शेजारी त्याची बायको बसली होती. ती घरी शिवणकाम करायची, आणि ब्लाऊजला टोचलेल्या दोन सुया काढायचं विसरूनच ती अशी सगळीकडे जायची. ताई तिला वहिनी म्हणू लागल्या, कारण इतक्या वेळा भेटून दुसरं काही म्हणणं बरं दिसेना.

त्याच आठवड्यात साहेबांनी जरा मऊ पवित्रा घेतला. एक माफीनामा टाइप करून ताईंकडे पाठवला. “यावर सही करायला सांगा. केली, तर बघू काही कमी करता येतंय का.”

चावीवाल्यानं माफीनामा वाचला आणि टेबलावर परत ठेवला. “सही नाही करणार.”

“अहो, दोन ओळी आहेत,” ताई म्हणाल्या.

“पहिली ओळ खोटी आहे. ‘मी कोणालाही न सांगता कामाची जागा सोडली.’ मी सांगून गेलो होतो.”

“साहेबांना सांगून?”

“जोडीदाराला सांगून. कोणालाही म्हणजे कोणालाही. जोडीदार माणूस नाही का?”

वहिनींनी कपाळाला हात लावला. “घरी पण हेच चाललंय हो, ताई. मी म्हटलं, सही करा, मनात पाहिजे ते म्हणा. तर मला म्हणतात, सही मनात नसते, कागदावर असते.”

“बरोबरच आहे ते,” चावीवाला म्हणाला.

“बरोबर असून काय करायचंय? चुलीत घालू बरोबर?”

ताईंना त्या दोघांचाही राग आला. ह्या माणसाला मदत करणं म्हणजे काटेरी झुडपाला मिठी मारणं, असं त्यांनी त्या दिवशी यजमानांना सांगितलं.

दुसरा आदेश साहेबांनी स्वतः तोंडी सांगितला आणि ताईंनी लिहून घेतला. शिक्षा तीच, बडतर्फी. फक्त आता तिच्या पुढेमागे विशेषणांची फौज उभी राहिली. ‘अत्यंत गंभीर’, ‘अक्षम्य’, ‘घोर’, ‘खात्याच्या प्रतिमेस काळिमा फासणारे’. गोदाम गेलं, काळिमा आला.

“कारणं द्या म्हणालं होतं ना कोर्ट?” साहेब खुर्चीत मागे रेलून म्हणाले. “घ्या कारणं.”

पुन्हा अर्ज, पुन्हा तारखा. एकदा वकील आजारी, एकदा कोर्टाला सुट्टी, एकदा नंबर लागता लागता दिवस संपला. ताईंनी त्या वऱ्हांड्यात इतके दिवस काढले की कुठल्या बाकाचा पाय लुळा आहे हे त्यांना पाठ झालं. चावीवाला नेहमी समोरच्या बाकावर, ताठ. दोघं विरुद्ध बाजूचे, त्यामुळे बोलायचं नाही असा ताईंचा नियम. वहिनी मात्र नियमबियम मानत नसत. त्या खुशाल ताईंच्या शेजारी येऊन बसत. “आमचे हे एका सोसायटीत पाण्याच्या पंपावर लागलेत,” त्यांनी एकदा सांगितलं. “तिथंही भांडले. पाण्याच्या वेळा लिहिलेल्या पाटीवर शुद्धलेखनाची चूक होती म्हणे.”

दुसऱ्या वेळी न्यायाधीशबाईंनी आदेश शांतपणे वाचला, चष्मा काढला आणि खात्याच्या वकिलाला समजावून सांगितलं, जसं एखाद्या वर्गाला तिसऱ्यांदा तोच पाठ शिकवावा. शिक्षा ठरवणं हे कोर्टाचं काम नाही, ते खात्याचं. कोर्ट एवढंच बघतं, की चौकशी नीट झाली का आणि शिक्षा चुकीच्या मानानं भलतीच जास्त तर नाही. इथं एकाच प्रसंगात दोन माणसं. एकाला ताकीद, दुसऱ्याची भाकरीच काढून घेतलेली. सव्वीस वर्षांत दुसरा एक डाग नाही. “विशेषणं म्हणजे कारणं नव्हेत,” त्या म्हणाल्या, आणि प्रकरण पुन्हा खात्याकडे पाठवलं. तीन महिन्यांत फेरविचार करा.

ताई बाहेर आल्या तेव्हा चावीवाला त्यांच्यासमोर आला. चार वर्षांत तो आपणहून पहिल्यांदाच त्यांच्याशी बोलत होता.

“ताई, एक विचारू? तुम्ही चौकशीचे कागद वाचलेत का?”

“वाचलेत म्हणजे? माझ्याच कपाटात आहेत.”

“कपाटात आहेत ते माहीत आहे,” तो म्हणाला, आणि निघून गेला.

ताईंना राग आला. घरी जाईपर्यंत तो टिकला. मग त्यांच्या लक्षात आलं की राग यायचं कारण सरळ आहे. त्यांनी वाचलेले नव्हते. शेवटचं पान वाचलं होतं, ‘दोष सिद्ध’ एवढं. बाकीच्या पानांना नुसते नंबर घातले होते, एक ते एकशे सत्त्याण्णव.

रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर त्या फाईल घेऊन बसल्या. यजमान पलीकडे पेन्सिली तासत होते. पान अकरावर जोडीदाराचा जबाब होता: ‘हो, त्यानं मला फोन केला होता. मी येतो म्हणालो. वाटेत चाक बसलं. मी त्याला उलट फोन करून सांगायला पाहिजे होतं, ते सुचलं नाही.’ आणि खाली चावीवाल्याचा: ‘पाणी वाया गेलं याचं मला वाईट वाटतं. जोडीदार डोळ्यांनी दिसेपर्यंत मी थांबायला पाहिजे होतं. ही माझी चूक आहे.’

ताईंनी ते तीनदा वाचलं.

“अहो, ऐका,” त्या म्हणाल्या. “ह्या माणसानं माफी मागितलीय. पहिल्याच दिवशी मागितलीय. आणि आम्ही सगळे गेली चार वर्षं त्याच्याकडे माफी मागतोय.”

यजमानांनी पेन्सिल खाली ठेवली. “मग आता?”

“आता काय! डोकं फोडून घेते.”

डोकं न फोडता सोमवारी त्यांनी टिपणी लिहिली. अकराव्या पानातला मजकूर उतरवला. जोडीदाराला ताकीदच दिली, हे लिहिलं. पूर्वीचा सेवेतला शेरा ‘चांगला’ असल्याचं लिहिलं. पहिला आदेश जुन्या आदेशावरून उतरवताना स्वतःकडून चूक झाली, हेही लिहिलं. ते वाक्य लिहायला त्यांना सगळ्यात जास्त वेळ लागला. शेवटी: ‘सबब, बडतर्फीची शिक्षा जास्त होते असे नम्र मत आहे. वेतनवाढ रोखणे पुरेसे व्हावे. आदेशार्थ सादर.’

फाईल संध्याकाळी परत आली. समासात हिरव्या शाईत चारच शब्द होते. ‘पाहिले. मान्य नाही. बडतर्फच.’

अशा रीतीनं तिसरा आदेश निघाला, आणि चावीवाला तिसऱ्यांदा कोर्टात गेला. या वेळी न्यायाधीशबाईंनी एकच वाक्य सांगितलं: पुढच्या तारखेला मूळ फाईल आणि सही करणारे अधिकारी, दोन्ही हजर पाहिजेत.

आदल्या दिवशी दुपारी साहेबांनी ताईंना बोलावलं. खात्याचा वकीलही बसला होता. चहा आला. साहेब चहा मागवत ते काही अडचणीचं काम असलं तरच.

“ताई, फाईल जरा जाडच झालीय, नाही?” साहेब म्हणाले.

“चार वर्षांची आहे, साहेब.”

“कोर्टाला एवढं कशाला वाचायला लावायचं? काही कागद... म्हणजे अंतर्गत मतं वगैरे... ती काय आदेशाचा भाग नसतात.”

वकिलानं खिडकीबाहेर बघत सांगितलं, “एखादं पान बदलता येईल का, एवढंच साहेब विचारताहेत.”

ताईंनी फाईल उघडली. “हे पान एकशे अठ्ठ्याण्णव. त्याच्या मागे एकशे सत्त्याण्णव आहे, पुढे एकशे नव्व्याण्णव. सगळे नंबर माझ्या हातचे आहेत. मधलं पान गेलं तर मला विचारतील, आणि मी काय सांगू? गोदामात झोपले होते म्हणून सांगू?”

वकिलाला हसू फुटलं. त्यानं ते खोकल्यात लपवलं. साहेबांना हसू आलं नाही.

“तुमची सेवानिवृत्ती कधी आहे, ताई?”

“अजून सहा वर्षं आहेत, साहेब. तुमची?”

हे आपण कसं बोलून गेलो, ते ताईंना जिना उतरतानाही कळेना. फाईल मात्र त्यांनी टेबलावर ठेवली नाही. कपाटात कुलपात ठेवून किल्ली पर्समध्ये टाकली, आणि सकाळी काखेत मारून स्वतः कोर्टात नेली.

न्यायाधीशबाईंनी फाईल उलटून पाहिली. एकशे अठ्ठ्याण्णववर त्या थांबल्या. मग टिपणी मोठ्यानं वाचली, पहिल्या शब्दापासून ‘आदेशार्थ सादर’पर्यंत. आपल्या चुकीचं वाक्य भरल्या कोर्टात ऐकताना ताईंचे कान लाल झाले. समोरच्या बाकावर चावीवाला पुढं वाकून ऐकत होता.

“हिरवी शाई आपली?” बाईंनी साहेबांना विचारलं.

“हो, महोदया.”

“पान अकरा आपण वाचलंत?”

“माझ्याकडे रोज साठ फायली येतात...”

“मी ते विचारलं नाही.”

साहेबांनी वकिलाकडे बघितलं.

“या कोर्टानं दोनदा हे प्रकरण आपल्याकडे पाठवलं,” बाई म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता, पण दमलेला होता. “शिक्षा आपण ठरवावी म्हणून पाठवलं, कारण तो आपला अधिकार. आपण दोनदा तीच शिक्षा नवे कपडे घालून परत पाठवलीत. तिसऱ्यांदा पाठवलं तर लोक मला हसतील. हा माणूस निवृत्त होईल आणि आपण एकमेकांना फाईलच पाठवत बसू. असं कोर्ट सहसा करत नाही, पण आता मीच ठरवते.”

त्यांनी बडतर्फी रद्द केली. दोन वर्षांसाठी एक वेतनवाढ रोखली. मधल्या काळाचा पगार नाही, पण नोकरीत खंड धरायचा नाही. एका महिन्यात कामावर घ्या.

वहिनींनी पदर तोंडाला लावला आणि त्या रडल्या. ताईंनाही भरून आलं. त्यांना वाटलं, आता हा माणूस येईल, दोन शब्द बोलेल.

चावीवाला आला. म्हणाला, “वेतनवाढ पण रोखायला नको होती. जोडीदाराची नाही रोखली.”

“अहो!” ताई आणि वहिनी एकदम ओरडल्या. शिपायानं आतून येऊन दोघींना गप्प बसायला सांगितलं.

त्यानंतरच्या महिन्यात तीन गोष्टी झाल्या. मोठ्या साहेबांची बढतीवर दुसरीकडे बदली झाली; निरोपाच्या कार्यक्रमात त्यांच्या करड्या शिस्तीचं कौतुक झालं आणि ताईंना पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवाव्या लागल्या. जाता जाता साहेबांनी ताईंना मेमो दिला, ‘फाईलवर अनावश्यक मतप्रदर्शन केल्याबद्दल खुलासा करावा.’ ताईंनी खुलासा लिहिला, ‘मत विचारार्थ सादर केले होते, विचार झाला नाही,’ आणि तो स्वतःच स्वतःच्या सेवापुस्तकाला जोडला, कारण ते कामही त्यांच्याच टेबलावर होतं. आणि तिसरी गोष्ट, चावीवाला रुजू व्हायला आला.

नवे साहेब सावध गृहस्थ होते. टाकी म्हणजे संवेदनशील जागा, असं म्हणत त्यांनी चावीवाल्याला मीटरच्या भांडारात नेमलं होतं. त्यानं नेमणुकीचा कागद नेहमीसारखा बोट फिरवत वाचला, आणि ताईंना वाटलं, झालं, आता पुन्हा सगळं चऱ्हाट पहिल्यापासून.

“मी चावीवाला आहे,” तो म्हणाला. “कोर्टानं कामावर घ्या म्हटलंय. माझं काम टाकीवर आहे.”

“कोर्टात जाणार का परत?” ताईंच्या आवाजात चार वर्षं एकदम उतरली. “जा. त्या वऱ्हांड्यातला लुळा बाक अजून तसाच आहे. जाऊन बसा!”

त्यानं खाली बघितलं. मग हळूच म्हणाला, “ताई, मी भांडायला म्हणून भांडत नाही. टाकी भरत आली की आवाज बदलतो. खालून ऐकू येतो मला. भांडारात मी काय ऐकू?”

ताईंनी खणातून एक कोरा कागद काढला आणि पुढं सरकवला. चावीवाल्यानं पेन उचललं, तोच वहिनींनी ते त्याच्या हातातून काढून घेतलं.

“तुम्ही लिहायला बसलात तर चार पानं होतील. सरका.”

त्यांनी तीन ओळी लिहिल्या. सव्वीस वर्षं टाकीवर काम केलं आहे, तेच काम येतं, कृपया तिथंच द्यावं. चावीवाल्यानं त्या तीन ओळी दोनदा वाचल्या. ‘कृपया’ला काट मारायला निघाला, बायकोकडे बघितलं, आणि नाही मारली. सही केली.

ताईंनी अर्जावर टिपणी लिहिली, एकच वाक्य, आणि फाईल आत पाठवली. नव्या साहेबांनी ती आठ दिवस ठेवली, कारण सावध माणसं ठेवतात. नवव्या दिवशी आदेश निघाला, आणि दुपारच्या पाळीला चावीवाला टेकडी चढून गेला.